वडगावात जपानी पिक्चर

पोस्टर कुठल्या लिपीत लिहायचं
यावर तीन दिवस गेले.
वर कन्नड खाली मराठी, की शेजारी-शेजारी,
आणि अक्षरं किती इंचांची.
शेवटी दस्तगीरनं भिंतीवर खडूनं एक खिडकी काढली,
खाली घड्याळ, साडेआठ वाजलेलं.
तेवढ्यावर माणसं आली.

पडदा म्हणजे इराप्पाचं पातळ,
तेलाचा डाग पडला म्हणून व्यापाऱ्यानं परत केलेलं.
तो डाग रात्रभर जपानच्या आभाळात राहिला.

माझ्या झेरॉक्सच्या दुकानातला कॉम्प्युटर,
पेन ड्राइव्हवर सात छोटे माहितीपट,
खाली कुठल्याच भाषेत ओळी नाहीत.
त्या रात्री गल्लीत
कुणालाच कुणापेक्षा जास्त कळत नव्हतं.

पहिल्यात नुसती पावलं,
वरच्या मजल्यावरच्या माणसाची,
खालच्या मजल्यावर झोपून रेकॉर्ड केलेली.
दुसऱ्यात सार्वजनिक न्हाणीघर.
बॉयलरपाशी एक म्हातारा
चार मिनिटं लाकडं सारतो
आणि एकदाच खोकतो.
‘एन माडाकत्तान इंवा?’ मागून कुणीतरी.
‘पाणी तापवूलाय की,’ होनगेकर मामी म्हणाल्या,
‘दिसत नाही काय?’

तिसऱ्यात आठ मजल्यांची वसाहत.
एक मुलगी दारं वाजवत जाते
आणि अनोळखी हातात दोऱ्याचा पदर देते.
बोलत काहीच नाही.
कुणी धरतं. कुणी दार लावून घेतं.
एक बाई दोरा दातात धरून भाजी चिरते,
तिथं आमच्या बायका हसल्या.

पाचव्या मजल्यावर दोरा तुटला.
मुलीनं गाठ मारली आणि इराप्पा उठला.
तीस वर्षं सांधणी केलेला माणूस,
‘हंग अल्ला, हंग अल्ला,’ करत थेट पडद्यापाशी,
दोन बोटांत नसलेला दोरा धरून
तिला दाखवायला लागला.
त्याच्या हाताची सावली तिच्या हातांवर.
खाली बस, असं कुणीच म्हणालं नाही.
तिची गाठ सुटली.
इराप्पानं नुसती मान हलवली,
जशी तो सुनेच्या चहावर हलवतो.

मग शेवटचं दार.
बाहेर साचलेली वर्तमानपत्रं, वाळलेली कुंडी.
मुलगी पदर घेऊन उभी.
वाजवते.
उभी.
पुन्हा वाजवते.

आणि लाइट गेली.

पिक्चर थांबला ते नंतर कळलं,
आधी माग थांबले.
पुढच्या गल्लीतले, मागच्या गल्लीतले,
खासबागेपर्यंतचे सगळे एकदम.
कुणाच्या तरी घरात कुकरची शिट्टी अर्धी राहिली.
शेजारी बसलेल्याचा श्वास ऐकू येतो
हे आम्हाला माहीत नव्हतं.
पाऊण तास लाइट आली नाही,
आणि उठलं कुणी नाही.

आता नळावर, चहाच्या गाड्यावर
सगळ्यांकडे आपापला शेवट आहे.
मामींच्या मते दार उघडलं,
आत एकटी म्हातारी होती, तिनं आधण ठेवलं असणार.
इराप्पा म्हणतो, बागला तगीलिल्ल,
पोरीनं कडीला दोरा बांधला असेल,
आणि ती गाठही चुकीचीच.
दस्तगीर म्हणतो, अजून उभीच आहे ती.

शुक्रवारी मामी कुंद्याची वाटी घेऊन
कोपऱ्यावरच्या पुजार मास्तरांच्या दारात दिसल्या.
बायको गेल्यापासून त्या दाराशी कुणी गेलं नव्हतं.
मास्तर मुलीकडे धारवाडला गेलेले.
वाटी तशीच परत आली,
दुपारी आम्ही दोघींनी संपवली.

बुधवारी शटर अर्धं ओढून
उरलेलं दीड मिनिट मी एकटीनं पाहिलं.
दोनदा.

‘शेवट बघितलीस काय गं?’ येता-जाता विचारतात,
मराठीत, कन्नडमध्ये,
झेरॉक्सचे सुटे पैसे मोजता मोजता.

पेन ड्राइव्ह खराब झाला म्हणून सांगते.